अ‍ॅलेक गिनेस : स्वतःचा चेहरा पुसून टाकणारा नट

इंग्रजी रंगभूमी आणि चित्रपट यांच्या इतिहासात सर अ‍ॅलेक गिनेस (२ एप्रिल १९१४ – ५ ऑगस्ट २०००) यांचे स्थान काहीसे विलक्षण आहे. सयामच्या जंगलात युद्धकैद्यांकडून ईर्ष्येने पूल बांधून घेणारा कर्नल निकल्सन, ‘ऑलिव्हर ट्विस्ट’मधला चोरट्या पोरांचा म्होरक्या फेगिन, ‘स्टार वॉर्स’मधला वृद्ध ओबी-वान केनोबी, हेरखात्यातील अबोल जॉर्ज स्मायली आणि ‘अ पॅसेज टू इंडिया’मधले प्राध्यापक नारायण गोडबोले ही पाचही माणसे एकाच नटाने उभी केली आहेत, हे आधी ठाऊक नसेल तर ओळखणे कठीण. लॉरेन्स ऑलिव्हिए, जॉन गिलगुड, राल्फ रिचर्डसन या समकालीनांची नावे घेतली की त्यांचा आवाज, त्यांचा रुबाब डोळ्यांपुढे येतो. गिनेस यांचे नाव घेतले की भूमिका आठवतात, नट आठवत नाही. त्यांच्या कलेचे हेच मर्म होते. आणि ज्यांचे चेहरे त्यांनी उसने घेतले त्या समाजांकडून पुढे प्रश्न विचारले गेले, तेही याच कलेपायी.

कोऱ्या रकान्याचे मूल

गिनेस यांचा जन्म लंडनच्या मेडा व्हेल भागात झाला. जन्मनोंदीत मुलाचे नाव ‘अ‍ॅलेक गिनेस’ असे लिहिलेले आहे, आईच्या नावापुढे ‘अ‍ॅग्नेस द कफ’ अशी नोंद आहे, आणि पित्याचा रकाना कोरा आहे. तो आयुष्यभर कोराच राहिला. अँड्र्यू गेडिस नावाचे एक स्कॉटिश बँक व्यावसायिक त्यांच्या शाळेचा खर्च देत असत, त्यामुळे तेच वडील असावेत असा तर्क अनेकांनी केला. पण त्याला पुरावा मिळाला नाही. आईने मध्यंतरी स्टिव्हन नावाच्या एका लष्करी अधिकाऱ्याशी लग्न केले. तो सावत्र बाप निष्ठुर होता आणि ते लग्नही टिकले नाही. चौदा वर्षांचे होईपर्यंत आपल्याला तीन वेगवेगळी नावे होती आणि सुमारे तीस हॉटेले, भाड्याच्या खोल्या व बिऱ्हाडे आपण पालथी घातली होती, असे गिनेस यांनी आपल्या आठवणींत नोंदवले आहे. त्यांच्या चरित्रकारांनी या बालपणाचा आणि पुढच्या बहुरूपी अभिनयाचा संबंध वारंवार जोडला आहे. हा संबंध थोडा जास्तच सोयीचा वाटतो, कारण अनाथासारखे बालपण गेलेली सगळीच मुले नट होत नाहीत. तरीही स्वतःच्या नावाची खात्री नसलेल्या मुलाला दुसऱ्याच्या नावात शिरणे सोपे गेले असेल, हे नाकारताही येत नाही.

शाळा संपल्यावर त्यांनी लंडनमधील एका जाहिरात संस्थेत मजकूर लिहिण्याची नोकरी धरली. नाटकाचे वेड मात्र सुटत नव्हते. त्यांनी धीर करून जॉन गिलगुड यांनाच दूरध्वनी केला. गिलगुड यांनी अभिनयाच्या शिकवणीसाठी मार्टिटा हंट यांचे नाव सुचवले. हंटबाईंनी आरंभी या सडपातळ, बुजऱ्या मुलाबद्दल फारशी आशा दाखवली नाही. पुढे १९४६ मध्ये डेव्हिड लीन यांच्या ‘ग्रेट एक्स्पेक्टेशन्स’मध्ये त्या मिस हॅविशॅम झाल्या आणि त्यांचा तो एके काळचा विद्यार्थी त्याच चित्रपटात हर्बर्ट पॉकेट झाला. त्याआधी फे कॉम्प्टन यांच्या नाट्यशाळेत गिनेस यांना शिष्यवृत्ती मिळाली होती. तेथील वार्षिक सादरीकरणात त्यांना बक्षीस मिळाले आणि परीक्षकांत गिलगुड होते.

१९३४ मध्ये, विसाव्या वाढदिवशी, त्यांनी ‘लायबल’ या नाटकात एका शब्दाचेही संवाद नसलेल्या भूमिकेत व्यावसायिक रंगमंचावर पाऊल टाकले. त्या दिवसांत ते अक्षरशः अर्धपोटी राहत. गिलगुड यांनी एकदा त्यांना वीस पौंड देऊ केले. खिशात चिल्लर उरलेली असतानाही त्यांनी ते नाकारले. गिलगुड यांनी त्याच वर्षी आपल्या ‘हॅम्लेट’मध्ये त्यांना ऑस्रिकची छोटी भूमिका दिली. गिनेस यांनी हे ऋण कधी विसरले नाही. गिलगुड हे त्यांच्यासाठी शेवटपर्यंत गुरुस्थानी राहिले, आणि गंमत अशी की अभिनयाच्या रीतीत हा शिष्य गुरूपासून सर्वांत दूर गेला. गिलगुड यांची मदार आवाजावर, शब्दाच्या नादावर. गिनेस यांची मदार शांततेवर.

‘नोआ’ या नाटकात काम करताना त्यांची मेरुला सॅलमन या अभिनेत्रीशी ओळख झाली. जून १९३८ मध्ये दोघांनी लग्न केले. मेरुला यांनी पुढे अभिनय सोडला आणि चित्रकला व लेखन यांत आयुष्य घालवले. त्याच वर्षी टायरोन गथ्री यांनी ओल्ड व्हिकमध्ये आधुनिक वेशातले, एकही ओळ न गाळलेले ‘हॅम्लेट’ बसवले आणि मुख्य भूमिकेसाठी चोवीस वर्षांच्या गिनेस यांना निवडले. समीक्षकांनी या शांत, आवाज न चढवणाऱ्या राजपुत्राची दखल घेतली. १९३९ मध्ये गिनेस यांनी डिकन्सच्या ‘ग्रेट एक्स्पेक्टेशन्स’चे स्वतः नाट्यरूपांतर केले. प्रेक्षकांत चित्रपटाच्या संकलनाचे काम करणारा एक तरुण होता. त्याचे नाव डेव्हिड लीन.

युद्ध आणि त्यानंतर

दुसऱ्या महायुद्धात गिनेस १९४१ मध्ये साधे खलाशी म्हणून नौदलात दाखल झाले आणि पुढच्या वर्षी अधिकारी बनले. मध्ये काही आठवड्यांची सवलत मिळून त्यांनी टेरेन्स रॅटिगन यांच्या ‘फ्लेअर पाथ’ या युद्धनाट्यात न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवर काम केले. जुलै १९४३ मध्ये मित्रराष्ट्रांनी सिसिलीवर चढाई केली तेव्हा सैनिक उतरवणाऱ्या एका बोटीचे नेतृत्व त्यांच्याकडे होते. चढाई तासाभराने पुढे ढकलल्याचा निरोप त्यांच्या बोटीपर्यंत पोहोचला नाही, आणि ते ठरल्या वेळी, म्हणजे सर्वांच्या आधी, किनाऱ्याला लागले. वरिष्ठ अधिकाऱ्याने उशीर केल्याबद्दल नव्हे तर लवकर आल्याबद्दल खडसावले, तेव्हा नाटकात असा घोळ कधी होत नाही असे उत्तर आपण दिल्याचे त्यांनी पुढे मिस्कीलपणे लिहिले. पुढे युगोस्लाव्हियातील प्रतिकारकांना रसद पोहोचवण्याचे कामही त्यांनी केले. सैनिकी शिस्तीचा, वरिष्ठ-कनिष्ठांच्या नात्यांचा जवळून घेतलेला हा अनुभव पुढे दोन भूमिकांत पुरेपूर उतरला.

युद्धानंतर ओल्ड व्हिकच्या कंपनीत त्यांनी ऑलिव्हिए यांच्या ‘किंग लिअर’मध्ये विदूषकाचे काम केले. पांढऱ्या रंगाने माखलेला, लिअरच्या पायाशी बसून मालकाच्या तोंडाकडे पाहणारा हा विदूषक पाहिलेल्यांना तो ऑलिव्हिए यांच्या राजाइतकाच लक्षात राहिला.

१९४६ च्या ‘ग्रेट एक्स्पेक्टेशन्स’नंतर लीन यांनी ‘ऑलिव्हर ट्विस्ट’ हाती घेतला. फेगिनची भूमिका आपल्याला द्यावी, अशी मागणी गिनेस यांनी केली तेव्हा लीन यांना ती चेष्टा वाटली. त्यांच्या डोळ्यांपुढे होता तो हसतमुख हर्बर्ट पॉकेट. गिनेस यांनी चाचणीची विनंती केली आणि ते रंगभूषा करून समोर आले. भूमिका त्यांचीच झाली. रंगभूषाकार स्टुअर्ट फ्रीबॉर्न यांनी कादंबरीच्या मूळ आवृत्तीतील जॉर्ज क्रुकशँक यांची रेखाचित्रे समोर ठेवून लांब, बाकदार नाक, विस्कटलेली दाढी आणि खोल डोळे घडवले होते. (याच फ्रीबॉर्न यांनी अनेक वर्षांनी ‘स्टार वॉर्स’ मालिकेतील योडा घडवला.) अभिनय म्हणून हे काम थक्क करणारे होते. पण वर्ष होते १९४८. नाझी छळछावण्यांचे दरवाजे उघडून तीनच वर्षे झाली होती, आणि ज्यूंची टर उडवणारी नाकाची तीच आकृती नाझी प्रचारपत्रकांतून युरोपभर फिरली होती. १९४९ मध्ये बर्लिनमध्ये चित्रपटगृहाबाहेर ज्यू निदर्शकांनी चित्रपट बंद पाडला. अमेरिकेतील ज्यू संघटनांच्या आक्षेपांमुळे तेथील प्रदर्शन १९५१ पर्यंत लांबले, आणि तेही फेगिनचे अनेक प्रसंग कापूनच झाले.

क्रुकशँक यांच्या चित्रांशी प्रामाणिक राहिलो, हा बचाव बिनतोड नव्हता. चित्रातले नाक एका जुन्या पूर्वग्रहाचे होते. पडद्यावर तेच नाक जिवंत माणसाच्या चेहऱ्यावर आले की ते पूर्वग्रहालाही जिवंत करते. नट जितका निपुण, तितका हा धोका मोठा.

ईलिंगचे दिवस

दुसऱ्याच वर्षी त्याच रूपांतरविद्येने इंग्लंडला पोट धरून हसवले. ईलिंग स्टुडिओच्या ‘काइंड हार्ट्स अँड कॉरोनेट्स’ (१९४९) या रॉबर्ट हॅमर दिग्दर्शित चित्रपटात एक तरुण सरदारकी मिळवण्यासाठी मध्ये येणाऱ्या साऱ्या नातलगांचा एकेक करून काटा काढतो. डॅस्कॉइन घराण्यातील हे आठही नातलग गिनेस यांनी साकारले. त्यांत सेनापती आहे, नौदलाचा अधिकारी आहे, पाद्री आहे आणि बलूनमधून खाली पाडली जाणारी लेडी अगाथाही आहे. प्रत्येकाचे मरण निराळे, प्रत्येकाचे चालणे निराळे. एका दृश्यात चर्चमधील बाकांवर यांपैकी सहा जण एकाच चौकटीत दिसतात. संगणक नसलेल्या त्या काळात कॅमेरामन डग्लस स्लोकम यांनी कॅमेरा जागेवरून तसूभरही न हलवता, चौकटीचा एकेक भाग झाकून, फिल्म पुन्हा पुन्हा मागे गुंडाळून ते चित्रित केले. रात्री कोणाचा धक्का लागू नये म्हणून स्लोकम कॅमेऱ्याशेजारीच झोपले होते.

मग ईलिंगच्या यशस्वी विनोदी चित्रपटांची रांगच लागली. ‘द लॅव्हेंडर हिल मॉब’ (१९५१) मध्ये ते सोन्याच्या विटा चोरून त्यांचे आयफेल मनोरे ओतणारे निरुपद्रवी दिसणारे बँक कारकून होते. या भूमिकेने त्यांना ऑस्करचे पहिले नामांकन मिळवून दिले. ‘द मॅन इन द व्हाइट सूट’ (१९५१) मध्ये कधीही न मळणारे, न फाटणारे कापड शोधून गिरणीमालक आणि कामगार दोघांनाही शत्रू करणारा शास्त्रज्ञ, तर ‘द लेडीकिलर्स’ (१९५५) मध्ये बाहेर आलेल्या दातांचा, एका म्हाताऱ्या घरमालकिणीपुढे हतबल होणारा दरोडेखोर प्रोफेसर मार्कस. या चित्रपटांनी युद्धानंतरच्या रेशनिंगने गांजलेल्या इंग्लंडला स्वतःवर हसायला शिकवले, असे म्हटले जाते. गिनेस यांच्यापुरते सांगायचे तर, सामान्य दिसणाऱ्या माणसाच्या आत काय दडलेले असते, हा त्यांचा कायमचा विषय येथे ठरला.

रंगभूमीवर मात्र याच काळात त्यांना मोठा फटका बसला. १९५१ मध्ये त्यांनी स्वतः दिग्दर्शित करून मुख्य भूमिकेत सादर केलेले ‘हॅम्लेट’ पहिल्याच रात्री कोसळले. प्रकाशयोजनेचे संकेत चुकत गेले आणि वरच्या सज्जातून हुर्यो उडाली. नाटकातल्या नटांच्या म्होरक्याचे काम केनेथ टायनन या तरुणाने केले होते. हाच टायनन पुढे इंग्लंडचा सर्वांत धारदार नाट्यसमीक्षक झाला आणि १९५३ मध्ये त्याने गिनेस यांच्यावर पुस्तकही लिहिले. त्याच १९५३ मध्ये कॅनडातील स्ट्रॅटफर्ड येथे, एका भल्या मोठ्या तंबूत, गिनेस यांनी तिसऱ्या रिचर्डची भूमिका करून तेथील शेक्सपिअर महोत्सवाचा पडदा वर उचलला. तो महोत्सव आजही सुरू आहे.

पाद्र्याचा झगा

१९५४ मध्ये ‘फादर ब्राऊन’ या चित्रपटाचे चित्रण फ्रान्समधील बर्गंडी येथे सुरू होते. गिनेस पाद्र्याच्या वेशात संध्याकाळी मुक्कामाकडे परतत असताना एक अनोळखी लहान मुलगा धावत आला, त्याने त्यांचा हात धरला आणि निर्धास्तपणे बडबडत बराच वेळ सोबत चालत राहिला. आपले मोडके फ्रेंच ऐकून पोर घाबरेल म्हणून गिनेस एक शब्दही बोलले नाहीत. झग्यावर इतका विश्वास टाकता येतो, ही गोष्ट त्यांच्या मनात रुतली. त्याआधी त्यांचा एकुलता एक मुलगा मॅथ्यू पोलिओने आजारी पडला होता. कामावरून परतताना गिनेस वाटेवरच्या एका कॅथलिक चर्चमध्ये जाऊन बसत. मुलगा बरा झाला. १९५६ मध्ये गिनेस यांनी कॅथलिक पंथ स्वीकारला. पुढच्या वर्षी ते सिलोनमध्ये चित्रणात असताना मेरुला यांनीही तो स्वीकारला.

सिलोनमधील ते चित्रण ‘द ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय’ (१९५७) या चित्रपटाचे. निकल्सनच्या भूमिकेवरून गिनेस आणि लीन यांचे पहिल्यापासून पटले नाही. गिनेस यांना या अधिकाऱ्यात थोडी विनोदाची छटा हवी होती. लीन यांना तो पूर्ण गंभीर हवा होता. आपल्या सैनिकांच्या अब्रूसाठी छळ सोसणारा आणि त्याच अब्रूच्या हट्टापायी शत्रूला उत्तम पूल बांधून देणारा हा माणूस वेडा की थोर, हे चित्रपट शेवटपर्यंत ठरवू देत नाही. तापलेल्या पत्र्याच्या कोठडीतून बाहेर काढल्यावर निकल्सन सर्वांसमोर ताठ चालण्याचा प्रयत्न करतो; पाय मात्र ऐकत नाहीत. ही चाल पोलिओतून उठताना मॅथ्यू ज्या तऱ्हेने चालत असे, तिच्यावरून घेतल्याचे गिनेस यांनी सांगितले. पात्राची चाल सापडल्याशिवाय पात्र सापडत नाही, ही त्यांची कायमची धारणा होती. येथे चाल स्वतःच्या घरातली होती. या भूमिकेने त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचे ऑस्कर मिळवून दिले. १९५९ मध्ये ब्रिटनच्या राणीने त्यांना ‘सर’ ही पदवी दिली.

लोकप्रियतेच्या या टप्प्यावर त्यांनी सुरक्षित मार्ग निवडला नाही. ‘द हॉर्सेस माउथ’ (१९५८) या जॉइस कॅरी यांच्या कादंबरीवरील चित्रपटाची पटकथा त्यांनी स्वतः लिहिली आणि तिला ऑस्करचे नामांकन मिळाले. ‘ट्यून्स ऑफ ग्लोरी’ (१९६०) मध्ये त्यांनी साकारलेला जॉक सिन्क्लेअर हा स्कॉटिश पलटणीतला लाल केसांचा, दारूबाज, दिलदार आणि आतून दुष्ट अधिकारी निकल्सनच्या नेमका उलट टोकाचा आहे. क्वायची कीर्ती मोठी असली, तरी त्यांच्या सैनिकी भूमिकांत सिन्क्लेअरला वरचे स्थान देणारे जाणकार आहेत, आणि त्यांचे म्हणणे सहज खोडून काढता येणार नाही.

रंगभूमीशी नाते तुटले नव्हते. टी. एस. एलियट यांचे ‘द कॉकटेल पार्टी’ १९४९ मध्ये एडिंबरा महोत्सवात प्रथम झाले तेव्हा त्यात ते होते. १९६० मध्ये रॅटिगन यांच्या ‘रॉस’मध्ये ते टी. ई. लॉरेन्स झाले. कवी डिलन टॉमस यांच्यावरील ‘डिलन’ या नाटकासाठी १९६४ मध्ये त्यांना अमेरिकेचा टोनी पुरस्कार मिळाला. १९६६ च्या ‘मॅकबेथ’ने मात्र पुन्हा निराशा केली.

‘स्टार वॉर्स’ आणि स्मायली

जॉर्ज लुकास नावाच्या तरुण अमेरिकी दिग्दर्शकाने १९७५ मध्ये अवकाशातील साहसकथेसाठी त्यांना विचारले, तेव्हा गिनेस यांनी होकार दिला खरा, पण संवाद वाचून ते कपाळाला हात लावत. त्या काळातील त्यांच्या पत्रांत या संवादांची यथेच्छ टिंगल आहे. मानधनाखेरीज नफ्यातील सुमारे दोन टक्क्यांचा वाटा त्यांनी मान्य करून घेतला होता. १९७७ मध्ये ‘स्टार वॉर्स’ने उत्पन्नाचे सारे विक्रम मोडले आणि तेवढ्या वाट्याने त्यांना जन्मभराची आर्थिक निश्चिंती दिली. ओबी-वानसाठी त्यांना ऑस्करचे नामांकनही मिळाले. त्या चित्रपटात ज्याला वजन आहे, ते बहुतांशी त्यांच्या स्थिर, थकलेल्या, मायाळू उपस्थितीने आलेले आहे. पोरकट वाक्येही ते मंत्रासारखी उच्चारतात. कीर्तीचा मात्र त्यांना उबग आला. आपण हा चित्रपट शंभराहून अधिक वेळा पाहिल्याचे एका मुलाने अभिमानाने सांगितले, तेव्हा तो पुन्हा कधीही पाहणार नाहीस असे वचन दे, अशी अट त्यांनी घातली आणि ते ऐकून मुलाला रडू कोसळले, हा प्रसंग त्यांनी स्वतःच लिहून ठेवला आहे.

आणि मग आला जॉर्ज स्मायली. जॉन ल कारे यांच्या ‘टिंकर टेलर सोल्जर स्पाय’ या कादंबरीवर बीबीसीने १९७९ मध्ये सात भागांची मालिका केली. पुस्तकातला स्मायली बुटका आणि लठ्ठ; गिनेस तसे नव्हते, आणि त्यांना याची काळजी होती. खरा हेर कसा दिसतो हे पाहायचे आहे, असे त्यांनी लेखकाला सांगितले. ल कारे यांनी ब्रिटिश गुप्तहेर खात्याचे माजी प्रमुख सर मॉरिस ओल्डफील्ड यांच्याबरोबर जेवण ठरवले. जेवताना गिनेस ओल्डफील्ड यांच्या हातांच्या हालचाली, कपड्यांची ठेवण, बोलण्याची लकब न्याहाळत राहिले आणि ते निघून गेले तेव्हा त्यांच्या पाठमोऱ्या चालीवरही नजर खिळवून होते. पडद्यावर आलेला स्मायली मात्र ओल्डफील्ड यांची नक्कल नाही. तो जवळजवळ काहीच करत नाही. ऐकतो, चष्मा पुसतो, थांबतो, आणि समोरचा माणूस बोलून फसतो. आठ नातलगांसाठी आठ चेहरे लावणाऱ्या नटाने येथे एकही चेहरा लावलेला नाही, आणि त्यांचे हे काम सर्वांत खोल मानले जाते. १९८२ च्या ‘स्मायलीज पीपल’मध्ये त्यांनी ही भूमिका पुन्हा केली. दोन्हींसाठी त्यांना बाफ्टा पुरस्कार मिळाला. पुढे स्मायली लिहू लागले की आपल्याला गिनेसच दिसू लागतात, अशी ल कारे यांची प्रेमळ तक्रार होती.

गोडबोले

परक्या देशांची, परक्या वंशांची माणसे गिनेस यांनी त्याआधीही रंगवली होती. ‘अ मेजॉरिटी ऑफ वन’ (१९६१) मध्ये ते जपानी उद्योगपती झाले होते. ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ (१९६२) मध्ये ते राजपुत्र फैसल होते. क्वायनंतर लीन महात्मा गांधींवर चित्रपट काढण्याच्या विचारात होते आणि गांधींच्या भूमिकेसाठी त्यांच्या मनात गिनेस यांचेच नाव होते. तो चित्रपट झाला नाही. १९८२ मध्ये रिचर्ड अ‍ॅटनबरो यांनी तो विषय पडद्यावर आणला तेव्हा ती भूमिका बेन किंग्जली यांनी केली आणि कस्तुरबांच्या भूमिकेत रोहिणी हट्टंगडी होत्या.

१९८४ च्या ‘अ पॅसेज टू इंडिया’साठी लीन यांनी आपल्या जुन्या नटाला गोडबोले यांची भूमिका दिली. मराठी वाचकांसाठी या पात्राला विशेष महत्त्व आहे. फॉर्स्टर यांनी १९२४ च्या कादंबरीत नारायण गोडबोले हे दख्खनी ब्राह्मण असल्याचे सांगितले आहे. त्यांचा गोरा वर्ण आणि करडे-निळे डोळे यांचा उल्लेखही केला आहे. कोकणस्थांच्या घाऱ्या डोळ्यांशी परिचित वाचकाला हे वर्णन कुठून आले असावे, हे सांगायला नको. फॉर्स्टर १९२१ मध्ये देवास संस्थानच्या थोरल्या पातीचे महाराज तुकोजीराव पवार यांचे खासगी सचिव होते. या मराठा दरबारात त्यांनी पाहिलेला गोकुळाष्टमीचा उत्सव कादंबरीच्या अखेरच्या भागात आला आहे, आणि त्या उत्सवातील भजनात तुकारामांचे नाव आहे. त्या गर्दीत, सर्व भेद विसरून नाचणारे गोडबोले हे कादंबरीच्या विचाराचे केंद्र आहे.

चित्रपटात हे केंद्र उरले नाही. भारतातील चित्रण बंगळुरूच्या परिसरात आणि काश्मीरमध्ये झाले. गिनेस यांनी धार्मिक नृत्याच्या प्रसंगासाठी मेहनत घेतली होती. संकलनात तो प्रसंग गळाला, आणि दोन मित्रांतील नात्यात कायमची कटुता आली. जे उरले ते एक गूढ हसू आणि कोड्यात बोलणारा विक्षिप्त प्रोफेसर. व्हिक्टर बॅनर्जी, सईद जाफरी, रोशन सेठ यांच्यासारखे भारतीय नट आजूबाजूला वावरत असताना रंग फासलेला इंग्रज गोडबोले अधिकच उपरा दिसला, आणि तसे अनेक समीक्षकांनी बोलून दाखवले. पेगी अ‍ॅशक्रॉफ्ट यांना मिसेस मूरच्या भूमिकेसाठी ऑस्कर मिळाले. गिनेस यांच्या वाट्याला मुख्यतः टीका आली.

येथे कसब कमी पडले असे म्हणणे अन्यायाचे ठरेल. फेगिनच्या वेळी कसब जास्त होते आणि त्याने दुखावले. गोडबोले यांच्या वेळी त्या माणसाचा नाच, त्याची भक्ती, त्याचे गाणे कापले गेले आणि फक्त रंग व पगडी शिल्लक राहिली. कोणत्याही नटाने चाल शोधायची ती माणसात. जिथे माणूसच कापून टाकला, तिथे चालीला आधार राहत नाही. गोडबोले यांचा तो उत्सव एखाद्या मराठी नटाने पडद्यावर केला असता तर कसा दिसला असता, हा प्रश्न अजूनही विचारण्यासारखा आहे.

अखेरची वर्षे

१९८५ मध्ये प्रसिद्ध झालेले त्यांचे आत्मचरित्र ‘ब्लेसिंग्ज इन डिसगाइज’ हे नटांच्या आठवणींच्या पुस्तकांत उठून दिसते, कारण त्यात स्वतःपेक्षा इतरांविषयी अधिक लिहिलेले आहे. नंतर ‘माय नेम एस्केप्स मी’ (१९९६) आणि ‘अ पॉझिटिव्हली फायनल अपिअरन्स’ (१९९९) ही दैनंदिनीवजा पुस्तके आली. डिकन्सकडे ते ‘लिटल डॉरिट’ (१९८७) मधून पुन्हा वळले आणि कर्जबाजारी कैदी विल्यम डॉरिटच्या भूमिकेने त्यांना ऑस्करचे अखेरचे नामांकन मिळवून दिले. १९८० मध्ये त्यांना कारकिर्दीबद्दल सन्मान म्हणून ऑस्कर दिले गेले होते. रंगभूमीवरील त्यांचे शेवटचे काम १९८९ मध्ये ‘अ वॉक इन द वूड्स’मधील सोव्हिएत मुत्सद्द्याचे होते. १९९४ मध्ये त्यांना ‘कंपॅनियन ऑफ ऑनर’ हा बहुमान मिळाला.

हॅम्पशायरमधील पीटर्सफील्डजवळच्या आपल्या घरात ते मेरुला यांच्यासह शांतपणे राहत असत. वाटेत लोकांनी ओळखू नये, ही त्यांची इच्छा बहुतेक वेळा पूर्ण होई. ५ ऑगस्ट २००० रोजी, वयाच्या ८६ व्या वर्षी, यकृताच्या कर्करोगाने त्यांचे निधन झाले. पीटर्सफील्ड येथे त्यांचे दफन झाले. बासष्ट वर्षांच्या सहजीवनानंतर मागे राहिलेल्या मेरुला यांचे त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये निधन झाले. पियर्स पॉल रीड यांनी लिहिलेले त्यांचे अधिकृत चरित्र २००३ मध्ये प्रसिद्ध झाले.